उन्हेऱ्याला जायचं, पण कुठल्या वाटेनं?

हातातलं काम थांबवू नका, भाकरी थापता थापता ऐकलं तरी चालेल. आज बचतीचा, कर्जाचा, थकलेल्या हप्त्यांचा विषय नाही. आज सहलीचा विषय आहे. मात्र सहलीचा हिशोब मांडायला बसले आणि त्यात इतिहास निघाला, तो तुम्हाला सांगितल्याशिवाय मला राहवेना.

त्याचं असं झालं. आमच्या ग्रामसंघाच्या बैठकीत एका सुनेनं मोबाइलवर अमेरिकेतल्या यलोस्टोन राष्ट्रीय उद्यानाचा व्हिडिओ दाखवला. जमिनीतून आधी वाफ येते, मग उकळत्या पाण्याचा फवारा माडापेक्षा उंच उडतो, आणि पलीकडं आपल्या गव्यासारखी केसाळ जनावरं निवांत चरत असतात. बाया बघतच राहिल्या. एक काकू म्हणाल्या, "एवढं पाणी तापतंय, आणि खाली जाळ कुणी घातलाय?" दुसरी म्हणाली, "आपल्याकडं आहे का गं असं? गरम पाणी आणि जनावरं एकाच ठिकाणी? तिथंच नेऊ या की सहल." प्रोसिडिंग बुकात शेवटच्या विषयात 'सहल' लिहिलं गेलं, आणि माझं बीएला इतिहास होता म्हणून शोधायचं काम माझ्या गळ्यात आलं.

आधी त्या फवाऱ्याबद्दल. त्याला इंग्रजीत जे नाव आहे ते तुम्हाला चांगलं माहीत आहे. गिझर! आइसलँड नावाच्या देशात असा उडणारा एक झरा आहे, त्याचं नाव गेसिर. त्या एका झऱ्याच्या नावावरून जगातल्या सगळ्या उडत्या झऱ्यांना ते नाव पडलं, आणि पुढं कधीतरी ते आपल्या न्हाणीघरातल्या विजेच्या टाकीला येऊन चिकटलं. हा गिझर शब्द लक्षात ठेवा, पुढं भिऱ्याला पोचल्यावर तो पुन्हा लागणार आहे.

जगातले निम्म्याहून जास्त गिझर एकट्या यलोस्टोनमध्ये आहेत. तिथल्या जमिनीखाली ज्वालामुखीचा तापलेला रस अजून आहे, त्यानं पाणी उकळतं आणि अरुंद फटीतून जोरानं वर येतं. सगळ्यात प्रसिद्ध गिझर साधारण दीड तासानं उडतो. वेळ पाळतो म्हणून १८७० साली तिथं गेलेल्या लोकांनी त्याचं नाव 'ओल्ड फेथफुल' ठेवलं, म्हणजे जुना भरवशाचा. दोनच वर्षांनी, १८७२ साली, अमेरिकेच्या सरकारनं तो सगळा मुलूख राष्ट्रीय उद्यान म्हणून राखला. जगातलं पहिलं राष्ट्रीय उद्यान ते हेच. सुरुवातीच्या काळात तिथं काय काय चालायचं! १८८२ मध्ये काही सैनिकांनी या ओल्ड फेथफुलच्या तोंडात मळके कपडे टाकले. सुती कपडे लख्ख धुऊन बाहेर आले आणि लोकरीच्या कपड्यांच्या चिंध्या झाल्या. हे बैठकीत सांगितलं तेव्हा काकू म्हणाल्या, कपडे धुवायला पुरुष लागला की असंच होतं.

पण मला त्या उद्यानातली दुसरी एक गोष्ट जास्त लागली. ती एका बाईच्या सहलीची आहे. एमा कोवन तिचं नाव. १८७७ च्या ऑगस्टमध्ये ती नवरा, भाऊ, धाकटी बहीण आणि काही ओळखीचे लोक यांच्यासोबत गिझर बघायला निघाली. आत्ता आपण बांधतो तसं सामान बांधून: तंबू, खायला-प्यायला, घोडे. २४ ऑगस्टला तिच्या लग्नाला दोन वर्षं झाली. त्याच सकाळी त्यांच्या तळावर नेझ पर्स जमातीचे लोक आले. हे लोक तिथं सहलीला आलेले नव्हते. ओरेगॉनमधला त्यांचा पिढीजात मुलूख सोडून सरकारनं आखून दिलेल्या जागेत जा, असा हुकूम त्यांना झाला होता. त्यातून लढाई पेटली, आणि साडेसातशेच्या आसपास माणसं, त्यात बाया, पोरं, म्हातारी, मागं लष्कर लागलेलं, अशी पळत होती. पळण्याची वाट या नव्या उद्यानातून जात होती. एमाच्या नवऱ्याला गोळ्या लागल्या, तो मेला असं समजून मागं राहिला. नंतर तो वाचलेला निघाला. एमाला आणि तिच्या बहीण-भावाला दुसऱ्या दिवशी सोडून दिलं. त्याच वर्षी ऑक्टोबरात नेझ पर्स लोकांना शरण जावं लागलं.

यलोस्टोनमध्ये आधीपासून राहणारेही लोक होते. टुकुडिका म्हणून जमात, डोंगरातल्या रानमेंढ्यांवर जगणारी. उद्यान झाल्यावर त्यांनाही तिथून जावं लागलं. पुढं १८८६ पासून १९१८ पर्यंत उद्यानाची राखण लष्करानं केली. एमाचं दुःख खरंच होतं, तिच्या जागी मी असते तर थरथर कापले असते. पण पोरं पाठीशी बांधून पळणारी ती नेझ पर्स बाई, तिचं नाव मला कुठं सापडलं नाही. एमानं पुढं आठवणी लिहिल्या, म्हणून तिची सहल आपल्याला कळली.

तर आता आपल्याकडं.

महाराष्ट्रात उडणारा गिझर नाही. पण जमिनीतून आपोआप वर येणारं गरम पाणी भरपूर आहे, आणि ते कुठं आहे हे गावांची नावंच सांगतात. ऊन म्हणजे गरम. आपण नाही का म्हणत, ऊन ऊन भात वाढ? त्या उनावरून पालीजवळचं उन्हेरे, दापोली तालुक्यातलं उन्हवरे, राजापूरचं उन्हाळे, तिकडं जळगाव जिल्ह्यात सातपुड्याच्या पायथ्याला उनपदेव. कोकणात पालघरपासून राजापूरपर्यंत साडेतीनशे किलोमीटरच्या पट्ट्यात असे झरे ओळीनं आहेत. उन्हवऱ्याचं पाणी तर सत्तर अंशांच्या आसपास असतं. आपल्या सह्याद्रीचा काळा दगडही ज्वालामुखीचाच, पण तो ज्वालामुखी कोट्यवधी वर्षांपूर्वी थंड झाला. हे पाणी त्यानं तापत नाही. पावसाचं पाणी दगडाच्या भेगांमधून फार खोल उतरतं, खोल जावं तशी पृथ्वी गरम असते, तिथं ते तापतं आणि दुसऱ्या भेगेनं वर येतं. म्हणजे काकूंनी विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर हे, की जाळ कुणी घातलेला नाही, पाणीच उबेला जाऊन परत येतं.

गरम पाणी आणि राखीव जंगल शेजारी शेजारी अशी दोन ठिकाणं मी बैठकीपुढं ठेवली. पहिलं वज्रेश्वरी. चिमाजी आप्पांनी १७३९ साली वसई जिंकली, त्या मोहिमेतल्या नवसाचं देऊळ. तिथं, अकलोलीला आणि गणेशपुरीला तानसा नदीच्या काठी गरम पाण्याची कुंडं आहेत, आणि त्याच नदीवर वरच्या अंगाला तानसा अभयारण्य आहे. पण आपल्याला ते फार लांब, मुक्काम पडतो. मुक्काम म्हटल्यावर निम्म्या बाया गळाल्या, कारण म्हशीला मुक्काम कळत नाही.

दुसरं उन्हेरे. ताम्हिणी घाट उतरून कोलाड, वाकण, पाली, आणि पालीपासून तीन-एक किलोमीटरवर. वाटेत ताम्हिणीचं अभयारण्य. सकाळी निघून रात्री परत. एकमतानं उन्हेरे ठरलं.

आणि इथं आमच्या गटातल्या एक आजी बोलल्या. अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या, बैठकीत फारशा बोलत नाहीत, सही शिकल्या ती गटात आल्यावर. त्या म्हणाल्या, "भिऱ्यावरून नेणार असाल तर मी येते. माझ्या आजेसासूचं घर ज्या पाण्यात गेलं ते पाणी खाली कुठं पडतं, ते मला एकदा बघायचंय."

बैठक गप्प झाली. कारण उन्हेऱ्याची वाट धरणाच्या काठाकाठानंच जाते, आम्ही सगळ्या त्या वाटेनं शंभरदा गेलोय, आणि ते पाणी जातं कुठं हे आमच्यातल्या निम्म्या जणींनी कधी मनात आणलेलं नव्हतं.

म्हणून आता धरणाबद्दल थोडं सविस्तर. मुळा आणि निळा या नद्यांच्या खोऱ्यात, आज जिथं एवढं पाणी दिसतं तिथं, शंभर वर्षांपूर्वी भाताची खाचरं होती. मुळशीचा आंबेमोहर तिथला. बावन्न गावं म्हणतात आपल्याकडं. मुंबईच्या गिरण्यांना वीज हवी होती. टाटांच्या कंपनीचं खोपोलीचं वीजघर चालू झालेलं होतं, आणखी पाणी हवं होतं, आणि सह्याद्रीच्या माथ्यावर पाणी अडवून कोकणात खाली सोडलं तर त्या पडण्याच्या जोरावर वीज होते. त्यासाठी आपलं खोरं ठरलं. जमीन ताब्यात घेण्याआधीच शेतात चर खणायला सुरुवात झाली. ज्याचं शेत होतं तो आडवा आला तर त्याला साहेबानं पिस्तूल दाखवलं.

१६ एप्रिल १९२१, रामनवमीचा दिवस. बाराशेच्या आसपास मावळे धरणाच्या कामावर जाऊन बसले, आणि काम बंद पाडलं. त्यात बाया होत्या, पोरं होती. पारनेरचे पांडुरंग महादेव बापट या लढ्याचे पुढारी झाले आणि मुळशीनं त्यांना 'सेनापती' केलं. तो किताब कुठल्या सरकारनं दिलेला नाही. 'जान किंवा जमीन' ही शपथ होती. काम काही महिने थांबलं, पुन्हा सुरू झालं, पुन्हा सत्याग्रह, पुन्हा तुरुंग. १९२४ च्या अखेरीस लढा मोडला. बापट सात वर्षं आत गेले. पुण्याच्या विद्यापीठात राज्यशास्त्र शिकवणाऱ्या राजेंद्र व्होरांनी या लढ्यावर आख्खं पुस्तक लिहिलं, आणि धरणाविरुद्धचा जगातला पहिला लढा असं त्याला म्हटलं. नर्मदेचं नाव आपण टीव्हीवर ऐकलं. मुळशीचं नाव आपल्या पोरांच्या पुस्तकात दोन ओळी असलं तर असलं.

लढा मोडला कशानं? सरकारचा कायदा होता, १८९४ चा जमीन ताब्यात घेण्याचा. पोलीस होते. पण अजून एक गोष्ट होती, आणि बचत गटाच्या बाईला ती लगेच कळेल. जमिनी सावकाराकडं गहाण होत्या. लग्नाला, बियाण्याला, दुष्काळाला काढलेलं कर्ज, त्याचं व्याज, व्याजावर व्याज. कागदावर नाव सावकाराचं चढलेलं. तो पुण्यात राहायचा, त्यानं त्या चिखलात कधी पाय घातला नव्हता. भरपाई मिळते म्हटल्यावर त्याला लढा कशाला हवा होता? तडजोड त्याच्या सोयीची होती. कसणारा म्हणत होता जमीन देणार नाही, आणि ज्याच्या नावावर होती तो म्हणत होता भाव किती देता ते बोला. पुढारीसुद्धा या दोन बाजूंत वाटले गेले.

आणि जिच्या नावावर काहीच नव्हतं तिचं काय? खाचरात भात लावणारी बाई, रोजावर जाणारी कातकरीण, म्हशी राखणारी धनगरीण. भरपाईच्या हिशोबात ती कुठं बसणार? आजींची आजेसासू तेव्हा नवी नवरी होती. घर सोडताना तिनं जातं डोक्यावर घेतलं आणि उखळ तिथंच राहिलं, कारण ते जमिनीत पुरलेलं होतं. एवढीच आठवण त्या घरात उरली आहे, बाकी कागदबिगद काही नाही. महाराष्ट्रात मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाच्या बरोबरीनं वाटा देणारी दुरुस्ती आली १९९४ साली. गटाच्या कर्जातून कुणी घर बांधलं की मी घरावर दोघांचं नाव लावा म्हणून मागं लागते. बाया म्हणतात, ताई, तुझं एकच पालुपद. आहे खरं.

धरणावरून पुढं निवे, मग ताम्हिणी. आता रानाचं बोलू. ताम्हिणीचं अभयारण्य २०१३ साली जाहीर झालं, पुणे आणि रायगड जिल्ह्यांत मिळून पन्नासएक चौरस किलोमीटर. त्यात शेकरू आहे, भेकर, सांबर, साळिंदर, खवल्या मांजर, बिबट्या आहे. सहलीत 'जनावरं बघणं' हा कार्यक्रम लिहिला तेव्हा घाटमाथ्यावरच्या बाया हसायला लागल्या. "रानडुकरं बघायला पैसे भरायचे? आमच्या खाचरात या रात्री." बरोबर आहे. भात पोटरीला आला की माळ्यावर जागणारी बाई रानडुकराचं कौतुक कशी करणार? पण शेकरू बघितलंय का नीट, असं विचारलं तर गप्प. ते झाडाच्या शेंड्यानं जातं आणि आपण मोळी घेऊन खाली मान घालून जातो. यंदा एक दिवस मोळीशिवाय जाऊ आणि मान वर करू.

हे रान सरकारनं राखायच्या आधीपासून काही तुकडे आपल्या माणसांनी राखलेले आहेत. देवराया. देवाचं रान, तिथं कुऱ्हाड चालवायची नाही, वाळकी काटकीसुद्धा उचलायची नाही. माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक हे पुण्याचे शास्त्रज्ञ सत्तरच्या दशकात गावोगाव फिरून देवराया बघत होते, तेव्हा शिकल्यासवरल्या जगाला त्यांची किंमत कळली. आमच्या एका गावात देवराईतला वेल केवढा जाड आहे ते दाखवायला बाया मला ओढून घेऊन गेल्या होत्या. त्या वेलाची उंची कुणी मोजली नसेल, पण त्याच्या सावलीत लहानपणी कोण कुठं बसायचं ते त्यांना पाठ आहे.

अभयारण्य झाल्यावर रानात कुणी काय आणायचं, किती आणायचं, याला नियम आले. हिरडा, करवंद, जळण, गुरांची चराई. नियम नकोत असं मी म्हणणार नाही. शनिवार-रविवारी घाटात गाड्यांची रांग आणि बाटल्यांचा खच बघितला की नियम कमीच पडतात असं वाटतं. पण बाटल्या टाकणारा संध्याकाळी घरी जातो, आणि जळणाची मोळी अडवली जाते ती रोज तिथंच राहणाऱ्या बाईची. २००६ चा वनहक्क कायदा आहे, गावाला रानावरचा सामूहिक हक्क मागता येतो. तुमच्या ग्रामसभेनं दावा केलाय का, एवढं तरी विचारा. यलोस्टोनच्या टुकुडिकांना असं विचारायची जागाच नव्हती.

घाट उतरला की विळे. तिथून कोलाडकडं वळायच्या आधी आजींसाठी भिऱ्याचा फाटा धरायचा. भिरा हे आपल्या धरणाचं खालचं टोक. मुळशीचं पाणी बोगद्यातून डोंगराच्या पोटात शिरतं, मोठाल्या नळांतून दीड हजार फुटांहून जास्त खाली पडतं आणि वीजघराची चाकं फिरवतं. १९२७ साली ते सुरू झालं. मुळा नदी खरं तर पूर्वेला वाहते. पुण्यात मुठेला मिळते, पुढं भीमा, आणि भीमेची पंढरपुरात चंद्रभागा होते. धरणानं तिच्यातलं पुष्कळसं पाणी उलटं फिरवून कोकणात उतरवलं. एक वहिनी म्हणाल्या, म्हणजे इठोबाच्या पायाशी जाणारं पाणी मुंबईला चाकरीला लागलं! उन्हेऱ्यालाही विठ्ठल-रखुमाईचं देऊळ आहे, तेव्हा इठोबाला विचारूनच घेऊ म्हणाल्या.

आता तो गिझर. आपलं पाणी भिऱ्याला पडतं, त्याची वीज होते, वीज तारांवरून मुंबईला जाते, आणि तिथं कुणाच्या तरी न्हाणीघरात बटण दाबलं की पाणी तापतं. इकडं धरणाच्या काठाला वस्तीवर बाई पहाटे उठून बंबात काटक्या घालते. मी लग्न होऊन आले तेव्हा आमच्या वरच्या वाडीत वीज आली होती, पण दिवसातले किती तास असेल याचा भरवसा नव्हता, आणि उन्हाळ्यात हंडे घेऊन झऱ्यावर जायचं. समोर एवढं धरण भरलेलं. पोरगी विचारायची, आई, हे पाणी आपलं नाही का? मी तिला खोपोली, भिरा, मुंबई असा नकाशा काढून दाखवला होता. तेवढ्यानं तिचं समाधान झालं नाही, आणि होऊ नये.

भिऱ्यात वापरून झालेलं पाणी कुंडलिका नदीत सोडतात. सकाळी पाणी सुटलं की कोलाडला रबरी होड्या घालून लोक त्या लाटांवर खेळतात. तेही आपलंच पाणी, हे सांगायचं राहू नये म्हणून सांगते. वीजघराच्या आत जाता येत नाही, परवानगीशिवाय तर नाहीच. आपण बाहेरूनच, रस्त्यावरून दिसेल तेवढं बघायचं आहे. अर्धा तास तिथं राखून ठेवलाय. फोटो काढायची घाई कुणी करू नका, आजींना बघू द्या.

जवळच देवकुंडाचा धबधबा आहे, पोरी त्याच्यासाठी हट्ट धरतील. नाही. चालायला लांब, आणि तिथं माणसं बुडालेली आहेत. पावसाळ्यात तर प्रशासन तिथं जायला बंदीच घालतं. पावसाळ्यात घाटातही नको. २५ जुलै २०२४ ला ताम्हिणीत एका दिवसात ५५६ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला, म्हणजे काही जिल्ह्यांत वर्षभरात पडतो तेवढा. उन्हाळ्यातही नको, कारण २०१७ च्या मार्चमध्ये याच भिऱ्यात ४६.५ अंश तापमान नोंदलं गेलं, आणि असल्या उन्हात गरम कुंडात उतरायला कोण येणार? भात झोडून झाल्यावर, म्हणजे डिसेंबर-जानेवारी. मार्गशीर्षातला गुरुवार सोडून, कारण उपास असतात. चतुर्थी सोडून, कारण पालीला बल्लाळेश्वरापुढं रांग लागते. आणि जिला ज्या तारखेला पाळी येते तिनं ते आधीच मोकळेपणानं सांगायचं, तारीख त्यावरही बघू. पुरुषांच्या सहलीत हा रकाना नसतो, आपल्या सहलीत आहे.

उन्हेऱ्याच्या कुंडाबद्दल. तिथल्या पाण्यानं सांधेदुखी आणि खरूज बरी होते असं पिढ्यान्‌पिढ्या ऐकत आलोय. गरम पाण्यानं अंग मोकळं होतं हे खरं, पण कुणी औषधाची गोळी बंद करू नये. रक्तदाबवाल्या, हृदयाचा त्रास असलेल्या आणि पोटुशी बायांनी काठावर बसून पाय सोडायचे, आत उतरायचं नाही. आधी पायाचा अंगठा घालून बघायचा. साबण, शाम्पू, उटणं काहीही पाण्यात नाही. कपडे बदलायला आडोसा कसा आहे, स्वच्छतागृह चालू आहे का, हे बघायला आधी दोघी जणी जाऊन येतील, त्यांचं जाण्या-येण्याचं भाडं सहलीच्या खर्चात धरलंय. वाटेत स्वच्छतागृह कुठं आहे यावर कितीतरी बायांचं येणं-न येणं ठरतं. सकाळपासून पाणी न पिता बसणारी बाई सहलीत काय बघणार?

पैशांचा वाद झाला, तोही सांगते. एका गटाचे हप्ते थकलेले आहेत, आणि त्यांच्यातल्याच एका ताईनं उभं राहून विचारलं, कर्ज थकलेलं असताना सहल शोभते का? रास्त प्रश्न होता. गटाच्या बचतीतला एक रुपयाही सहलीला लावायचा नाही, असा ठराव झाला. एसटीचा प्रासंगिक करार करायचा, डोईभाडं ज्याचं त्यानं, आणि चार महिने दर बैठकीला थोडं थोडं वेगळ्या डब्यात जमा. ज्या बाईला तेवढंही जमणार नाही तिनं माझ्याशी एकटीनं बोलावं, बैठकीत नाही. तरी त्या ताई म्हणाल्या, देवदर्शन असतं तर समजलं असतं, नुसतं गरम पाणी आणि वीजघर बघायला कशाला? पालीचा गणपती आहे की वाटेत, असं कुणीतरी म्हणालं. मी काही बोलले नाही. आपल्या सासवा-आज्या घराबाहेर पडल्या त्या वारीला, यात्रेला, माहेराला. नुसतं बघायला म्हणून पडलेली बाई आमच्या गावात मला आठवत नाही.

शेवटी त्या ताईंनीही नाव दिलं. बेचाळीस जणी झाल्यात. जेवण घरून: चपात्या, भरलं वांगं, शेंगदाण्याची चटणी, आणि इंद्रायणीचा भात नको कारण तो गार झाला की घट्ट होतो. प्लास्टिकच्या पत्रावळी नकोत. पहाटे साडेपाचला पौडहून गाडी निघेल, धरणाच्या काठावरच्या वाड्यांतल्या बाया वाटेत चढतील. डाव्या-उजव्या खिडकीवरून भांडण नको म्हणून जाताना आणि येताना जागा बदलायच्या ठरल्यात. फक्त आजींची जागा ठरलेली आहे, धरण ज्या बाजूला दिसतं त्या बाजूची, पहिली. बोट दाखवून त्या सांगतील तिथं गाडी हळू करायची, एवढं ड्रायव्हरदादांना आधीच सांगून ठेवलं आहे.